मैदानाला लागून रेल्वे स्टेशन: सांगली-मिरजेला परवडेल का?

कृष्णाकाठचा: सांगली-मिरज लाइट रेल (ट्रामसारखी शहरातली छोटी रेल्वे) व्हावी आणि तिचा एक थांबा सांगलीच्या विश्रामबाग भागात मैदानाला लागून असावा, हे माझं मत. थोरल्याकडं अमेरिकेत मिनियापोलिसला गेलो होतो तेव्हा तिथलं स्टेडियमचं स्टेशन पाहिलं. त्या शहरानं १९५४ मध्ये ट्राम मोडीत काढल्या आणि ५० वर्षांनी, २००४ ला, पुन्हा रूळ टाकले. एक स्टेशन मेट्रोडोम स्टेडियमच्या दारात. डिसेंबर २०१० मध्ये बर्फाच्या ओझ्यानं मेट्रोडोमचं छत फाटलं, २०१४ मध्ये अख्खं स्टेडियम पाडलं. स्टेशन जागेवरच! उलट त्याच वर्षी शेजारच्या सेंट पॉल शहराकडं जाणारी दुसरी लाइन सुरू झाली, तिच्या गाड्याही इथूनच जायला लागल्या. २०१६ ला नवं यू. एस. बँक स्टेडियम झालं, स्टेशनची पाटी बदलली, एवढंच. मैदानं येतात-जातात, रूळ टिकतात.

वडाप_झिंदाबाद: काका, त्या नव्या स्टेडियमला लोकांच्या खिशातून किती गेले तेही सांगा की. सुमारे १.१ अब्ज डॉलर खर्च, त्यातले जवळजवळ ५० कोटी राज्य आणि शहराचे. टीम मात्र खासगी मालकाची. ४ फेब्रुवारी २०१८ ला तिथं सुपर बोल झाला, म्हणजे त्यांच्या फुटबॉलची फायनल. त्या दिवशी लाइट रेलमध्ये फक्त मॅचचं तिकीट असणाऱ्यांना प्रवेश. एरवी त्याच गाडीनं ड्यूटीला जाणाऱ्यांना बदली बस! लोकांनी निषेध म्हणून रूळ अडवले. हे मॉडेल आणायचंय का सांगलीत?

कृष्णाकाठचा: एका दिवसासाठी बाकीची सगळी वर्षं बाद का?

मिरजेची_माई: दोघेही गर्दीचं गणित विसरताय. तिथं रूळ रस्त्याच्या पातळीवर आहेत. मॅच सुटली की हजारो माणसं एकदम बाहेर पडून रूळ ओलांडणार. माणसं चालत राहिली तर गाडी हलत नाही, आणि गाडी हलली नाही तर फलाटावरची गर्दी जात नाही. म्हणून २०१६ मध्ये रुळांवरून पादचारी पूल बांधावा लागला आणि त्याचे पैसे कुणी किती द्यायचे यावरून बरीच घासाघीस झाली. स्टेशन आधी, पूल नंतर. आपल्याकडं पूल कधी होईल ते ज्यानं त्यानं ठरवावं.

(आणि विश्रामबागला रेल्वे स्टेशन आहेच की ओ. तिथं किती गाड्या थांबतात ते आधी बघा.)

हळद_सौदा: माईंना अनुमोदन. शिवाय मिरजेला हलकी रेल्वे नवी नाही. बार्शी लाइट रेल्वे १९२७ ला मिरजेपर्यंत आली, अडीच फुटी गेज (दोन रुळांमधलं अंतर). मीटर गेज आधीपासूनच होतं, नंतर ब्रॉड गेजही आल्यावर तिन्ही गेज एकाच जंक्शनात! बार्शी लाइट तीर्थयात्री आणि माल दोन्ही नेत होती, म्हणून चालली. वारीच्या गर्दीवर उभी राहिली असती तर आषाढी-कार्तिकी सोडून रिकामीच धावली असती.

वडाप_झिंदाबाद: तेच म्हणतोय! इथं वर्षातून मोठ्या मॅचेस किती होतात? विजय हजारे सांगलीत जन्मले, स्मृती मानधना इथं वाढली, ठीक आहे, पण म्हणून इथं रोज वानखेडे भरतो का?

कृष्णाकाठचा: वानखेडेचंच बघा मग. चर्चगेट आणि मरीन लाइन्स दोन्ही चालत गाठता येतात, आणि ती स्टेशनं क्रिकेटसाठी बांधलेली नाहीत. स्टेशन कॉलेजच्या पोरांसाठी, कुपवाड एमआयडीसीच्या कामगारांसाठी, मिरजेच्या दवाखान्यात येणाऱ्या पेशंटसाठी. मैदान शेजारी असलं तर रविवारी चार प्रवासी जास्त. मी एवढंच मागतोय.

मिरजेची_माई: मग धाग्याच्या नावातलं मैदान काढा आणि कामगार घाला. शिफ्ट सुटायच्या वेळेला गाडी आहे का, हा प्रश्न विचारला तर मीही तुमच्या बाजूला येते. तोवर वडापमध्ये (शेअर जीपमध्ये) चौथी सीट कुणाच्या मांडीवर, ते भांडण चालू द्या.

वडाप_झिंदाबाद: माई, चौथी सीट ड्रायव्हरशेजारी असते. मांडीवर पाचवी.