श्रद्धांजलीच्या बॅनरवर नेमका कोणता शब्द लिहू?

नांदेडचा कंपोझर:
बारा वर्षं झाली, डीटीपीचं दुकान आहे. परवा मुखेडकडचं एक घर आलं, आजोबा वारलेले. मी सवयीनं नावाआधी 'कै.' टाकलं. मुलगा छापलेल्या बॅनरकडं बघत राहिला अन् हळूच म्हणाला, "आमचे दादा कैलासाला गेले नाहीत, लिंगैक्य झाले." दुसरा बॅनर लगेच काढून दिला, पैसे घेतले नाहीत. पण रात्रभर डोळा लागला नाही. माझ्या फाईलीत कैलासवासी, वैकुंठवासी, कालकथित, पैगंबरवासी असे शब्द पडलेले आहेत, मी नुसते उचलून चिकटवायलो. यांचे अर्थ खरंच इतके वेगळे आहेत का?

उदगीरचे गुरुजी:
आहेत. कैलासवासी म्हणजे शिवाच्या ठिकाणी राहायला गेलेला. लिंगायताचा देव इष्टलिंगाच्या, म्हणजे अंगावर घालायच्या लहान शिवलिंगाच्या रूपानं जन्मभर सोबतच असतो, मग जायचं कुठं? षट्स्थलात, म्हणजे साधनेच्या सहा पायऱ्यांत, भक्त, महेश, प्रसादी, प्राणलिंगी, शरण आणि शेवटी ऐक्य. आजोबा कुठं गेले नाहीत, ज्याला हातावर घेऊन पूजलं त्याच्यातच मिसळले. 'कायकवे कैलास', म्हणजे श्रम हाच कैलास, असं शरण, म्हणजे लिंगायत संत, म्हणत. काही घरं शिवैक्यही लिहितात, एवढं विचारून घ्या.

लातूरची वाचक:
आम्ही बौद्ध. माझ्या आईच्या पुण्यानुमोदनाच्या, म्हणजे मृत्यूनंतरच्या विधीच्या पत्रिकेवर 'स्वर्गवासी' छापून आलं होतं. आम्ही भावंडांनी बसून दोनशे पत्रिकांवर पेनानं खोडलं. आमच्यात कालकथित लिहितात. पालीत 'कालकत' म्हणजे ज्यानं आपला काळ पुरा केला तो. आणि निर्वाण म्हणजे मरण नाही हो, निर्वाण म्हणजे विझणं. राग, द्वेष, मोह यांची आग विझते. बुद्धांना ते 35व्या वर्षी लाभलं, पुढं 45 वर्षं ते गावोगाव शिकवत फिरले. 80व्या वर्षी कुशीनगरला देह ठेवला, ते महापरिनिर्वाण. 6 डिसेंबरला बाबासाहेबांसाठी आपण तोच शब्द वापरतो.

परभणीकर:
'पैगंबरवासी' मराठी पेपरात वाचतो, आमच्या घरात कुणी म्हणत नाही. परतायचं असतं ते अल्लाहकडं. 'मरहूम' लिहा, म्हणजे ज्याच्यावर रहम झाली तो. इथं तुराबुल हक बाबांचा उरूस भरतो, लहानपणी आम्हाला उरूस म्हणजे फक्त पाळणे अन् मिठाई. अरबीत 'उर्स' म्हणजे लग्न, हे दादीनं सांगितलं. वलीचा, म्हणजे संताचा, मृत्यूचा दिवस म्हणजे त्याच्या अल्लाहशी मीलनाचा दिवस.

नांदेडचा कंपोझर:
पैगंबरवासी फाईलीतून काढला, मरहूम टाकला. ताई, दोनशे पत्रिकांचं वाचून वाईट वाटलं. अजून एक विचारतो. गुरुद्वाऱ्याकडची घरं 'अकाल चलाणा' लिहून आणतात. नव्वदीच्या आजींना अकाल कसं म्हणायचं?

उदगीरचे गुरुजी:
आपलं 'अकाली निधन' वेगळं. तिथं अकाल म्हणजे काळाच्या पलीकडचा, म्हणजे परमेश्वर. चलाणा म्हणजे निघणं. आजी त्याच्याकडं निघाल्या. आहे तसंच छापा, दुरुस्त करू नका.