सिंक ३०४ चेच आहे हे बसवण्याआधी कसे ओळखावे? (मदत हवी आहे)

नमस्कार. पुण्यात कोथरूडला आमच्या स्वयंपाकघराचे काम चालू असून, स्टेनलेस स्टीलच्या ३०४ या ग्रेडचे (प्रकाराचे) म्हणून घेतलेले सिंक येत्या आठवड्यात बसवायचे आहे. एकदा ते ग्रॅनाइटच्या ओट्यात पक्के बसले की काढणे जिकिरीचे होईल, म्हणून आधीच खात्री करून घ्यावी असे वाटते.

दुकानदाराने तळाला लोहचुंबक लावून दाखवले, ते चिकटले नाही, आणि एवढ्यावर त्याने विषय संपवला. बिलावर मात्र नुसते 'एस. एस. सिंक' असे लिहिले आहे. घरी पाहिले असता तळाला चुंबक मुळीच धरत नाही, परंतु चारही कोपऱ्यांत, जिथे पत्रा दाबून खोलगट केला आहे, तिथे किंचित ओढ जाणवते. चुंबक टेकवून हात सोडला की ते सावकाश घसरत खाली येते.

या ओढीची मला फारशी चिंता नाही. ३०४ मध्ये साधारण १८ टक्के क्रोमियम आणि ८ टक्के निकेल असते व त्याची ऑस्टेनाइट नावाची स्फटिकरचना चुंबकाला दाद देत नाही. मात्र पत्रा गरम न करता ताणला की ताण पडलेल्या जागी तिचा काही अंश मार्टेन्साइट या दुसऱ्या रचनेत बदलतो आणि तो चुंबकाकडे ओढला जातो. उलट, इंडक्शनच्या भांड्यांच्या बुडाला बहुधा असणारे ४३० ग्रेडचे स्टील चुंबकाला घट्ट धरते, तरीही ते स्टेनलेसच असते. तेव्हा 'चिकटले म्हणजे लोखंड' या बाजारातल्या समजुतीत फारसा अर्थ नाही.

खरी अडचण २०२ ग्रेडची आहे. त्यात निकेल कमी करून मँगनीज व नायट्रोजन वाढवलेले असतात, त्यामुळे ते स्वस्त पडते, पण गंजापुढे ३०४ इतके टिकत नाही; ते लवकर डागाळते. आणि तेही चुंबकाला चिकटत नाही! म्हणजे दुकानातल्या चाचणीने ४३० बाजूला काढता येईल, २०२ नव्हे.

स्टीलवर थेंब टाकून बॅटरी लावल्यावर रंगावरून ग्रेड ओळखण्याचे द्रव मिळते. ते कोणी सिंकवर वापरले आहे का, आणि त्याचा कायमचा डाग राहतो का? तसेच भोसरी किंवा चाकणच्या बाजूला एक्स-रे किरणांच्या हातातल्या यंत्राने धातूचे घटक मोजणारे कोणी असल्यास, घरगुती ग्राहकाचा एकच नग ते तपासून देतात का आणि साधारण किती आकारतात, हे कृपया कळवावे.