मृणालताई, पाणी आणि आपलं शहर : तुमचे अनुभव लिहा

मृणाल गोरे 17 जुलै 2012 रोजी गेल्या. गोरेगावात राम मंदिर रस्त्याजवळच्या उड्डाणपुलाला त्यांचं नाव दिलंय. त्या पुलावरून रोज कॉलेजला जाणाऱ्या माझ्या भाचीला विचारलं, या कोण? तिला सांगता आलं नाही. तिच्या मैत्रिणींनाही नाही. म्हणून हा धागा काढते आहे.

ज्यांना काहीच माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. जन्म 1928 चा. डॉक्टरकीचं शिक्षण अर्धवट सोडून राष्ट्र सेवा दलात आणि समाजवादी पक्षात पूर्णवेळ काम. केशव ऊर्फ बंडू गोरे यांच्याशी लग्न. 1958 मध्ये ते गेले तेव्हा ताई तिशीच्या आसपास होत्या आणि पदरात लहान मुलगी होती. 1961 मध्ये त्या मुंबई महापालिकेत निवडून आल्या, 1972 मध्ये विधानसभेत. आणीबाणीत आधी भूमिगत, मग तुरुंगात. 1977 मध्ये उत्तर मुंबईतून लोकसभेवर. 1985 मध्ये पुन्हा विधानसभा आणि पुढे तिथेच विरोधी पक्षनेतेपद.

माझं मत आधीच सांगून टाकते. पाणी, रेशन, घर या गोष्टी पुढाऱ्याने कृपा म्हणून द्यायच्या नसतात, त्या नागरिकाने हक्काने घ्यायच्या असतात, हा लोकशाही समाजवादाचा गाभा मुंबईत सगळ्यात स्पष्टपणे त्यांच्या कामात दिसला. पटत नसेल तर तसंही लिहा. श्रद्धांजल्या नकोत. तुमच्या घरात, चाळीत, वस्तीत काय घडलं ते हवंय.

*

आम्ही गोरेगाव पूर्वेला पत्र्याच्या खोलीत राहायचो. साठच्या दशकाची सुरुवात. मुंबईची हद्द 1957 मध्ये दहिसर आणि मुलुंडपर्यंत वाढली आणि आम्ही कागदोपत्री मुंबईकर झालो. पण हद्द वाढली म्हणून जलवाहिनी लगेच वाढत नाही. आमच्या गल्लीत एक नळ. पहाटे तीनला आई उठायची, मला रांगेत हंडा धरून उभं करायची आणि स्वतः विहिरीवर जायची. विहिरीचं पाणी धुण्याला, नळाचं प्यायला. नळाला करंगळीएवढी धार. मधेच ती जायची आणि मग रांगेत भांडणं. बायका एकमेकींच्या केसांना धरायच्या, हे मी डोळ्यांनी पाहिलंय. नंतर दिवसभर त्याच बायका एकमेकींची मुलं सांभाळायच्या.

मला आजही राग येतो तो याचा, की विहार तलाव आमच्यापासून किती लांब? आरे ओलांडलं की पलीकडे. 1860 पासून त्या तलावाचं पाणी शहराकडे जात होतं आणि तलावाच्या शेजारचे आम्ही कोरडे.

ताईंचे हंडा-कळशी मोर्चे निघायला लागले तेव्हा आई गेली. तोवर ती घर सोडून फक्त माहेरी आणि देवळात गेलेली बाई. वडिलांना आवडलं नव्हतं, पण पाणी नाही तर स्वयंपाक नाही, त्यामुळे त्यांना बोलता येईना. मोर्चाहून परत आली की तिचा आवाज बसलेला असायचा. पुढे आमच्या शाळेच्या फीचा प्रश्न आला तेव्हा हीच आई एकटी मुख्याध्यापकांकडे गेली, खुर्ची ओढून बसली आणि बोलली. हे कुठून आलं ते आम्हा भावंडांना पक्कं ठाऊक आहे. ताईंचं ‘पाणीवाली बाई’ हे नाव वर्तमानपत्रांत वाचण्याआधी आम्ही रांगेत ऐकलेलं.

– निवृत्त शिक्षिका, गोरेगाव

*

1977 ची निवडणूक. आमच्या आजोबांनी रात्री भिंती रंगवल्या होत्या. तुरुंगातून सुटलेली माणसं थेट प्रचारात उतरलेली, पैसा कुणाकडेच नव्हता. ‘पानीवाली बाई दिल्ली में, दिल्लीवाली बाई पानी में’ ही घोषणा निकालानंतर त्यांनी चाळीच्या जिन्यावर उभं राहून दिली होती. ताई लोकसभेत गेल्या आणि रायबरेलीत इंदिरा गांधी हरल्या, म्हणजे घोषणा दोन्ही बाजूंनी खरी ठरली. आजोबा गेले तरी हा किस्सा घरात दरवर्षी निघतोच.

– बोरिवली

*

लाटणं मोर्चाबद्दल कुणीतरी लिहायलाच हवं, म्हणून मी लिहिते. मी तेव्हा दादरला सासरी नुकती आलेली. 1972 चा दुष्काळ. रॉकेल नाही, तेल नाही, साखर, रवा काही वेळेवर नाही. दुकानदार म्हणणार, माल आला नाही. आणि मागच्या दाराने तोच माल चढ्या भावाने जाणार. महागाई प्रतिकार संयुक्त महिला समिती तेव्हाच उभी राहिली. त्यात समाजवादी मृणालताई आणि प्रमिला दंडवते, मार्क्सवादी अहिल्याताई रांगणेकर, कम्युनिस्ट तारा रेड्डी. आमच्या घरात सासरे कम्युनिस्ट आणि थोरले दीर समाजवादी. जेवताना वाद इतका, की पानं वाढून थांबावं लागे. त्या दोघांच्या पक्षांच्या बायका एका व्यासपीठावर आल्या आणि घरातले पुरुष पहिल्यांदा गप्प झाले.

मोर्चाला आम्ही लाटणी घेऊन गेलो. हजारो बायका. बऱ्याच जणींनी कामावरून थेट येताना पिशवीत लाटणं आणलेलं. ठरलेल्या वेळी घराघरांतून थाळ्या वाजायच्या तेव्हा आमच्या चाळीच्या चारी मजल्यांवरून आवाज यायचा. मला त्या चळवळीचं मोठेपण यात वाटतं, की मागण्या मोजता येतील अशा होत्या. भाव किती, रेशनवर किती मिळालं पाहिजे, साठा कुठे दडवलाय. ‘व्यवस्था बदला’ हे भाषणात असायचं, पण हातातल्या कागदावर मात्र तेल आणि साखर. म्हणूनच जिला पक्ष म्हणजे काय हे माहीत नव्हतं तीही आली.

चूल-मूल सांभाळून राजकारण, असं आमचं कौतुक व्हायचं ते मला तेव्हाही खटकायचं. चूल हेच राजकारण होतं.

– दादर, आता पुणे

*

मी पाणीपुरवठ्यात नोकरी केली, म्हणून तांत्रिक बाजू सांगतो. मृणालताई नगरसेविका होत्या तेव्हा मी शाळेत होतो, त्यामुळे त्यांच्याबद्दल ऐकीवच. पण त्यांनी हात घातला तो प्रश्न मी आयुष्यभर हाताळला.

मुंबईचं बहुतेक पाणी खूप लांबून येतं. तानसा, वैतरणा, भातसा हे सगळं ठाणे, पालघर, नाशिकच्या बाजूला. शहरात आलं की ते सेवा जलाशयांत साठतं आणि तिथून भागाभागाला वेळ वाटून सोडलं जातं. चोवीस तास सगळीकडे प्रेशर नसतं. चावीवाला व्हॉल्व्ह उघडतो तेव्हा एका भागाला मिळतं, तो बंद करून दुसरा उघडतो. टेकडीवरच्या आणि वाहिनीच्या शेवटच्या टोकाच्या लोकांना धार कमी मिळते. शिवाय पुरवठा बंद असताना वाहिनी रिकामी होते आणि फुटलेल्या जागेतून गटाराचं पाणी आत खेचलं जातं. पहिल्या दहा मिनिटांचं गढूळ पाणी लोक फेकून देतात ते यामुळे.

आता यात राजकारण कुठे येतं बघा. एखाद्या पुढाऱ्याचा फोन येतो, आमच्या गल्लीची चावी अर्धा तास जास्त ठेवा. ठेवली की गल्ली खूष, पुढाऱ्याचा जयजयकार. पण तो अर्धा तास कुणाच्या तरी वाट्याचा असतो आणि ते लोक वाहिनीच्या टोकाला, ज्यांचा फोन लागत नाही असे असतात. ही मेहेरबानीची पद्धत मी जवळून पाहिली आहे. दुसरी पद्धत म्हणजे सगळ्या भागाने मिळून सांगायचं, की मुख्य वाहिनी मोठी करा, जलाशय बांधा, तरतूद दाखवा. याला वर्षं लागतात आणि श्रेय एकाचं नसतं. पण टिकतं तेच. ताईंचे मोर्चे एका गल्लीपुरते नव्हते, सगळ्या उपनगराचे होते, आणि अभियंता म्हणून मला त्यातलं शहाणपण दिसतं.

एक मागणं आहे. आपल्या वॉर्डाच्या अर्थसंकल्पातलं पाण्याचं पान काढून वाचा. कठीण नसतं. भांडवली खर्चात काय धरलं आणि प्रत्यक्ष किती झालं, एवढं जरी विचारलं तरी समोरचा सावध होतो.

– निवृत्त अभियंता, मुलुंड

*

माझं थोडं वेगळं मत. आम्ही गिरणगावातले. ताईंबद्दल आदर आहे, कुणी बोट दाखवावं असं त्यांच्या वागण्यात काही नव्हतं. पण समाजवाद्यांच्या पक्षाचं काय झालं? प्रजा समाजवादी, संयुक्त समाजवादी, मग एक, मग पुन्हा फूट, 1977 मध्ये जनता पक्षात विलीन. शाखा नाही, झेंडा नाही. 1966 मध्ये शिवसेना निघाली आणि आमच्या वयाच्या पोरांना रोज संध्याकाळी बसायला जागा मिळाली, ओळख मिळाली, अडल्यानडल्याला माणूस मिळाला. समाजवादी शिबिरं घ्यायचे. शिबिर वर्षातून एकदा. शाखा रोज उघडी.

जॉर्ज फर्नांडिसही त्याच काळात महापालिकेत होते आणि 1967 मध्ये त्यांनी स. का. पाटलांसारख्या काँग्रेसच्या बलाढ्य पुढाऱ्याला पाडलं. इतकी ताकद असलेल्यांना या शहरात वारस का उभे करता आले नाहीत, याचं उत्तर मला कुणी दिलं तर हवंय. मृणालताई मोठ्या होत्या असं म्हणून हा प्रश्न सुटत नाही.

– लालबाग

*

लालबागच्या दादांना, धागा काढणारीकडून : प्रश्न रास्त आहे आणि मला तो टाळायचा नाही. विलीनीकरणाने पक्ष गेला हे खरं. पण संस्था राहिल्या. आरे रोडवरचं केशव गोरे स्मारक, तिथून चालणारं, अडचणीतल्या बायकांना मदत करणारं स्वाधार, घरांसाठीचा नागरी निवारा. हे पक्षाला पर्याय नाही, मान्य. मतं गोळा करणारी यंत्रणा आणि माणसं शहाणी करणारी यंत्रणा या दोन्ही लागतात आणि समाजवाद्यांनी पहिलीकडे दुर्लक्ष केलं, असं मलाही वाटतं.

*

नागरी निवाऱ्याचा उल्लेख आला म्हणून. आमचं घर तिथलं. दिंडोशीला.

तरुणांना सांगायला हवं, की 1976 मध्ये नागरी जमीन कमाल धारणा कायदा आला. एका मालकाकडे शहरात ठरावीक मर्यादेपेक्षा जास्त मोकळी जमीन असेल तर वरची जमीन सरकारने घ्यावी आणि कमी उत्पन्नाच्या लोकांची घरं व्हावीत, हा हेतू. प्रत्यक्षात सवलतींची कलमं वापरून बऱ्याच जमिनी सुटल्या. मृणालताई, बाबूराव सामंत आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी म्हटलं, कायदा आहे ना, मग जमीन द्या, नफा न घेता घरं बांधून दाखवतो. नागरी निवारा परिषद ती. वर्षानुवर्षं पाठपुरावा, कोर्ट, मंत्रालय. शेवटी सहा हजारांहून जास्त घरं झाली.

माझे वडील एका छापखान्यात कामाला. बोरिवलीच्या भाड्याच्या खोलीतून ते दर बैठकीला जायचे. हप्ता भरताना आईच्या दोन बांगड्या गेल्या. नातेवाईक म्हणायचे, बुडणार पैसे, टेकडीवर कोण घर देतंय. बैठकांत हिशेब वाचून दाखवला जायचा, सिमेंटचा, लोखंडाचा. वडिलांना तो पाठ असायचा. घर लहान आहे, पण माझं आणि बहिणीचं शिक्षण त्या पत्त्यावर झालं आणि महिन्याच्या एक तारखेला मालक दारात येईल ही धास्ती आम्हाला कधी माहीतच झाली नाही.

महाराष्ट्राने तो कायदा 2007 मध्ये रद्द केला. आज माझ्याबरोबर काम करणारी पंचविशीतली मुलं विरार, बदलापूरहून येतात, लोकलमध्ये दिवसाचे चार तास घालवतात आणि घर घेण्याचं स्वप्नसुद्धा बघत नाहीत. जमीन कुणाची, हा प्रश्न विचारणारा नगरसेवक त्यांना भेटलेलाच नाही.

– दिंडोशी

*

वैद्यकीय क्षेत्रातली आहे, एवढंच जोडते. गर्भलिंग चाचणीवर निर्बंध आणणारा देशातला पहिला कायदा महाराष्ट्राने 1988 मध्ये केला. केंद्राचा 1994 चा. त्याआधी चाचणीच्या जाहिराती उघड लागायच्या. स्त्री संघटना, काही डॉक्टर आणि विधानसभेत मृणालताई, असा तो रेटा होता. नळापासून सुरुवात केलेली बाई इथवर येते, कारण दोन्हीकडे सोसणारी एकच.

– सोलापूर

*

मी सव्वीस वर्षांची आहे, मालाडला मालवणीत राहते. मृणालताईंना पाहिलेलं नाही. पण आमच्या वस्तीत अजूनही पाणी विकत घेतात. कॅनवर. पाणी येणार तो दिवस कामाला सुट्टी. माझी मोठी बहीण त्यामुळे शाळेतून गळाली. मी शिकले ती तिच्या जिवावर.

आम्हाला सांगितलं जायचं, तुमची घरं 2000 नंतरची, जोडणी मिळणार नाही. पाणी हक्क समितीने याविरुद्ध मुंबई उच्च न्यायालयात दाद मागितली आणि 15 डिसेंबर 2014 ला निकाल आला, की घर अनधिकृत आहे एवढ्यावरून माणसाचं पिण्याचं पाणी तोडता येत नाही, जगण्याच्या हक्कात पाणी येतं. निकाल हाती आल्यावर सगळं झटपट झालं असं मात्र नाही. गट करायचा, कागद जमवायचे, अर्ज, वाहिनी जिथून जाते तिथून परवानगी. एका कार्यालयात अर्जाची पोचच देईनात. तेव्हा गटातल्या बाकीच्या बायका आत आल्या आणि बाकावर बसून राहिल्या. आरडाओरडा नाही. पोच मिळाली.

नंतर एका ज्येष्ठ कार्यकर्तीने सांगितलं, साठच्या दशकात गोरेगावच्या बायका हेच करायच्या. एकटीने अर्ज न्यायचा नाही, अर्ज जिचा आहे तिनेच बोलायचं, आणि पोच घेतल्याशिवाय उठायचं नाही. हे मला कुठल्याही भाषणापेक्षा जास्त उपयोगी पडलं. 2022 च्या मार्चमध्ये महापालिकेची मुदत संपली आणि पुढची कित्येक वर्षं नगरसेवकच नव्हते, तेव्हा तर हेच एक हातात होतं.

लालबागच्या काकांना एवढंच सांगते, की वारस शोधायला शाखेत बघू नका. आमच्या गटात पंधराएक बायका आहेत. त्यांतल्या दोघी पुढची निवडणूक लढवायची म्हणतात. पैसे नाहीत. कुणाला प्रचारपत्रक लिहिता येत असेल, मतदारयादी तपासता येत असेल, तर या.

– मालवणी, मालाड

*

मतदारयादीचं काम मी करीन. नोकरीतून मोकळा आहे, शनिवार-रविवार येऊ शकतो. पत्रकासाठी अभियंतासाहेबांनी पाण्याच्या तरतुदीचे आकडे काढून दिले तर नुसत्या घोषणांऐवजी ते छापू.

– लालबाग