मासा न लागण्याचा वेळ

मासेमारीच्या व्हिडिओ गेममध्ये अर्धा तास गळ टाकून काहीच न लागणे हा वास्तववाद नसून निव्वळ कंटाळा आहे, असे एक मत आहे; ते मला अर्धेच पटते. सेगा कंपनीच्या १९९७ च्या ‘गेट बास’मध्ये घड्याळाशी शर्यत होती, कारण तो मुळात आर्केडमधला, म्हणजे नाणे टाकून खेळायच्या यंत्रावरचा खेळ होता, ‘फिशिंग प्लॅनेट’मध्ये मात्र आमिष, गळाचा आकार, खोली आणि दिवसाची वेळ यांपैकी काही चुकले की मासा फिरकत नाही, त्यामुळे तिथली प्रतीक्षा आपले काय चुकले हे शोधण्यात जाते. रिळाचा ड्रॅग, म्हणजे मासा जोरात ओढू लागला की दोर सुटू देणाऱ्या ब्रेकचा जोर, दोराच्या ताणक्षमतेच्या साधारण पाव ते एक तृतीयांश ठेवावा, हा खऱ्या मासेमारीतला संकेत तिथेही उपयोगी पडतो (हे मला तीन दोर गमावल्यावर कळले). आम्हां बडोदेकरांना प्रत्यक्ष सराव सुचवू नये. इथल्या विश्वामित्री नदीत मगरी आहेत. माझी तक्रार वेगळी आहे. काठीला आलेला बाक पाहून ताण ओळखण्यात खरी गंमत असते, पण अशा बहुतेक खेळांत पडद्यावरची रंगीत पट्टीच ते सांगून टाकते आणि पाण्याकडे बघायचे राहूनच जाते.