सालदार, गडी की नोकर? तेरवीच्या पत्रिकेसाठी एक शब्द हवा आहे

तिवसा :
मंडळी, एका शब्दासाठी लिहिते आहे. परवा पत्रिका छापायला द्यायची आहे, म्हणून जरा घाई आहे.

आमच्या घरी २७ सालं काम केलेले एक गृहस्थ मागच्या आठवड्यात वारले. माझ्या वडिलांच्याच वयाचे. वावरातलं वखरण-डवरण त्यांच्याकडे, कोठ्यातली ढोरं त्यांच्याकडे, आणि घरचंही अर्धं काम तेच करायचे. विहिरीचं पाणी भरणं, दळण नेऊन आणणं, पावसाळ्यात आम्हा बहिणींना नाल्यापार शाळेत पोचवणं. त्यांच्या मुलाने मला तेरवीच्या पत्रिकेचा मजकूर लिहून मागितला. मी लिहिलं, "विश्वासू नोकर म्हणून २७ वर्षे सेवा केली." मला वाटलं होतं, 'विश्वासू' वाचून त्याला बरं वाटेल.

त्याने कागद वाचला, घडी केली आणि म्हणाला, "ताई, नोकर नोका लिहू. बाबा सालदार होते. सालदारच लिवा."

मी म्हटलं, मग "घरातलेच माणूस होते" असं लिहू का? तर म्हणाला, "घरातले होते तं आमी जेवाले छपरीत काहून बसत होतो?" आवाज अजिबात चढवला नाही त्याने. पण मला रात्रभर झोप लागली नाही.

माझा प्रश्न असा. वर्षाच्या बोलीवर दुसऱ्याच्या घरी राबणारा माणूस, एवढाच अर्थ मी दोन्ही शब्दांचा धरत आले. मग त्याला 'नोकर' टोचतो आणि 'सालदार' मानाचा वाटतो, हे कशामुळे? तुमच्या गावाकडे कोणता शब्द कसा बोलतात?

नागभीड :
ताई, आधी 'नोकर' घेऊ. हा शब्द आपल्याकडे फारसीतून आला आणि फारसीत मंगोल भाषेतून. मंगोलमध्ये 'नोकोर' म्हणजे साथी, सरदाराबरोबर लढाईला जाणारा सोबती. आता मराठीतला 'गडी' पाहा. सवंगडी, खेळातला गडी, कबड्डीत बाद होणारा गडी. तोही मुळात जोडीदारच. आणि तोच शब्द घराच्या दारात आला की "गड्याला सांग बैल सोडायला" असा होतो. दोन वेगळ्या मुलखांतले दोन शब्द, दोन्ही सोबत्यापासून निघाले आणि दोन्ही हुकूम ऐकणाऱ्यापर्यंत येऊन थांबले.

आमच्या भागात 'गडीमाणूस' म्हणजे नुसता पुरुष, 'बाईमाणूस'च्या जोडीचा. त्यामुळे 'सालगडी' हा शब्द आमच्या कानाला पुस्तकी वाटतो. तो मराठवाड्यात आणि तिकडे पश्चिमेला जास्त.

दर्यापूर :
मी स्वतः सालदार ठेवलेले आहेत, आणि माझे आजोबा दुसऱ्याकडे सालदार होते. म्हणून दोन्हीकडून सांगतो.

'साल' हा आमच्याकडे नुसता काळ नाही, तो करार आहे. साल धरणं, सालावर राहणं, साल मोडणं, साल भरणं. पाडव्याला साल सुरू होतं आणि पाडव्याला संपतं. काही गावांत अक्षय तृतीयेला. त्या दिवशी बोली होते. पैसा किती, ज्वारी किती, कपडे, वहाणा, घोंगडी, पोळ्याला काय, दिवाळीला काय, उचल म्हणजे आगाऊ पैसे किती. हे सगळं चार माणसांसमोर बोललं जातं. कागद नसतो, पण साक्षी असतात. बोली नाही जमली तर सालदार त्याच दिवशी उठून दुसऱ्या घरी जातो आणि त्यात कोणाला वावगं वाटत नाही. बाकी वर्षभर मालक बोलतो आणि सालदार ऐकतो. पाडव्याच्या दिवशी मात्र सालदार बोलतो आणि मालक ऐकतो. माझे आजोबा ज्वारीची बोली करताना आवाज चढवत, हे माझ्या वडिलांनी पाहिलेलं आहे. एरवी त्याच वाड्यात ते मान वर करून बोलत नसत.

दुसरा दिवस पोळ्याचा. आदल्या दिवशी बैलांचे खांदे शेकतात, हळद-लोणी लावतात, "आज आवतन घ्या, उद्या जेवाले या" म्हणतात. दुसऱ्या दिवशी तोरणाखाली बैल धरून सालदार उभा असतो. झडत्या, म्हणजे पोळ्याची टोमणे मारणारी कवनं, म्हणणारे "हर बोला हर हर महादेव" करत मालकाचं, पाटलाचं, सावकाराचं सगळं बाहेर काढतात आणि मालकाला ते ऐकून घ्यावं लागतं. मग सालदार बैल घेऊन दारी येतो, त्याला ओवाळतात, बोजारा, म्हणजे पोळ्याची भेट, देतात.

त्या मुलाला 'सालदार' का हवा, ते मला तरी इथे दिसतं. नोकराचा असा एकही दिवस नसतो.

तिवसा :
दर्यापूरच्या काका, तुम्ही लिहिलंत ते वाचून मी शब्दाकडे पुन्हा पाहिलं. 'साल'ही फारसी, 'दार'ही फारसी. दार म्हणजे धरणारा, बाळगणारा. तहसीलदार, फौजदार, हवालदार, जमीनदार. ज्या 'दार'ने जमीन धरणारा झाला, त्याच 'दार'ने साल धरणारा झाला. म्हणजे त्या माणसाच्या हातात काहीतरी आहे, असं तो शब्द म्हणतो. निदान एक वर्ष तरी आहे.

आणि 'नोकर'चं पाहा. आपल्याकडे मुलीला नोकरीवाला नवरा हवा असतो. वावर कितीही असो, नोकरी नाही म्हणून पोरांची लग्नं अडलीत. 'नोकरी' चालते, 'नोकरदार' चालतो, फक्त 'नोकर' चालत नाही. तिथेही 'दार' लागला की शब्द वर उठतो. मी पत्रिकेत नेमका तोच एक शब्द लिहिला, जो माझ्या मास्तर असलेल्या भावाबद्दल मी कधी लिहिला नसता. तोही पगारीच आहे.

तर माझं मत होत चाललं आहे की मानाचा खरा तुकडा 'दार' आहे.

उमरखेड :
ताई, तुमचं लिहिणं मनापासूनचं आहे, पण 'दार'वर एवढा भार टाकू नका. 'कर्जदार'मध्येही तोच 'दार' आहे.

माझे वडील सालदार होते. बोली पाडव्याला होते हे खरं, पण आधीच्या सालाची उचल फिटली नसेल तर बोली कसली? लग्नाला उचल, दवाखान्याला उचल, मयतीला उचल. पाडवा येतो आणि हिशेब निघतो तेव्हा सालदाराकडेच बाकी निघते. मग पुढचं साल त्याच घरी, मालक म्हणेल त्या भावाने. वडील एकाच घरी अकरा सालं राहिले. लोक म्हणायचे, किती इमानी माणूस. आई म्हणायची, बाकी फिटली असती तर दुसऱ्याच वर्षी निघालो असतो.

या बांधून ठेवण्याला मराठीत नेमका शब्द आहे, 'वेठबिगार'. संस्कृत 'विष्टि'चा झाला 'वेठ' आणि फारसीतून आली 'बिगार'. दोहोंचा अर्थ एकच, फुकट किंवा जबरीचं काम. राज्यं बदलली तरी काम तेच राहिलं, म्हणून दोन भाषांचे शब्द एकमेकांना जोडले गेले असं मला वाटतं. १९७६ च्या कायद्याने ही पद्धत बंद झाली, कर्जापोटी माणूस बांधून ठेवणं गुन्हा ठरलं. आमच्या गावात मात्र त्या कायद्यापेक्षा रोजगार हमीने जास्त फरक पडला. कामाला जायला दुसरी जागा मिळाली की बोलीत जोर येतो.

आणखी एक. सालदाराबरोबर त्याची बायको मालकाच्या घरी राबते. शेण काढते, आंगण सारवते, सणावाराला भांडे घासते. 'सालदारीण' म्हणतात तिला, पण तो शब्द नुसता कोणाची बायको ते सांगतो. तिचं साल कोणी धरलेलं नसतं. पत्रिकेत शब्द शोधताय तर तिच्यासाठीही शोधा.

नागपूर :
उमरखेडच्या भावाने बायकांचा मुद्दा काढला म्हणून जुन्या कागदांतल्या एका शब्दाबद्दल सांगते. आपल्या भागातले वाचक तिथे हमखास फसतात.

पेशवाईच्या कागदांत 'कुणबीण' हा शब्द पुष्कळदा येतो. इतकी रक्कम देऊन कुणबीण घेतली, कुणबीण आंदण दिली, कोठीवर इतक्या कुणबिणी. आपण विदर्भातली माणसं वाचतो आणि कुणबी समाजातली बाई समजतो. तिथे अर्थ तो नाही. तिथे कुणबीण म्हणजे विकत घेतलेली दासी, मग ती कोणत्याही जातीची असो. मोल्सवर्थच्या जुन्या मराठी-इंग्रजी कोशातही हा अर्थ दिलेला आहे. तशीच 'बटीक'.

१८४३ च्या कायद्याने कंपनीच्या मुलखातल्या कोर्टांनी गुलामीचा हक्क मानणं बंद केलं. पण त्या वर्षी नागपूर भोसल्यांकडे होतं आणि वऱ्हाड निजामाकडे. नागपूर खालसा झालं १८५४ मध्ये, वऱ्हाड इंग्रजांच्या हाती गेलं १८५३ मध्ये. म्हणजे तो कायदा झाला तेव्हा आपल्या मुलखाला लागूच नव्हता. माणसांची खरेदी-विक्री हा गुन्हा ठरला दंडसंहितेने, आणि ती अमलात आली १८६२ मध्ये.

'कुणबीण'चा तो अर्थ आता मेला आहे. 'बटीक' मात्र जिवंत आहे, रोजच्या वर्तमानपत्रात. "सत्तेची बटीक" असं अग्रलेखांतून सहज लिहितात. विकल्या गेलेल्या बाईचं नाव लाचार अधिकाऱ्यासाठी वापरतात. ती बाई लाचार नव्हती, तिला विकलं होतं. मी तो शब्द लिहिणं सोडलं आहे.

'दासी'चं वेगळं झालं. जनाबाईंनी "नामयाची दासी जनी" अशी स्वतःची मुद्राच केली आणि दळण-कांडण अभंगात आणलं. मालकाने दिलेलं नाव आणि आपण होऊन घेतलेलं नाव यांत फार अंतर आहे. सरकारी भाषेत आता 'घरेलू कामगार' आहे, २००८ च्या कायद्यापासून. 'घरेलू' हिंदी आहे म्हणून काही जण नाक मुरडतात. मला त्यातला 'कामगार' महत्त्वाचा वाटतो.

तिवसा :
नागपूरच्या ताई आणि उमरखेडचे भाऊ, तुमचं पटलं. 'दार'चा हट्ट सोडते.

पण दर्यापूरच्या काकांनी सांगितलेली बोली डोक्यातून जात नाही. आमच्या तालुक्यात कौंडिण्यपूर आहे, वर्धेच्या काठी. विदर्भाची जुनी राजधानी म्हणून लोक तिथे जातात, रुक्मिणीच्या नावाने तर कायम जातात. दमयंतीही याच विदर्भाची राजकन्या. महाभारतात नल तिला रानात सोडून जातो, मग ती अर्ध्या वस्त्रात चेदी देशाच्या राजधानीत पोचते. राजमाता तिला ठेवून घ्यायला तयार होते, तेव्हा ती आधी आपली ओळख देते : सैरंध्री, दुसऱ्याच्या घरी काम करणारी, पण मनाला येईल तिथे राहणारी. आणि मग अटी घालते. उष्टं खाणार नाही. कोणाचे पाय धुणार नाही. परपुरुषांशी बोलणार नाही. राजमाता कबूल करते, तेव्हाच ती राहते. तिकडे नलही अयोध्येच्या ऋतुपर्ण राजाकडे वेतन ठरवूनच चाकरीला राहतो.

ती राजमाता तिची सख्खी मावशी निघते, हे नंतर कळतं. आपण आता शहरात भांडी घासायला येणाऱ्या बाईंना मावशी म्हणतो. इथे तर जिच्या घरी काम केलं, तीच मावशी होती. तरी अटी आधी सांगितल्या गेल्या, नातं मागाहून निघालं. मी पत्रिकेत उलटं करायला निघाले होते. "घरातलेच" म्हणून नातं आधी लिहीत होते आणि त्यांनी धरलेली २७ सालं झाकत होते.

उचल किती होती, बाकी किती निघायची, हे मी आईला विचारलं. ती म्हणाली, वडिलांची वही होती, आता सापडत नाही. म्हणजे आमच्या घरी ती बोली खरी होती की उमरखेडच्या भावाने लिहिली तशी, हे मी छातीवर हात ठेवून सांगू शकत नाही. तो मुलगा 'सालदार' म्हणतो, तर मी त्याचा शब्द घेते.

तिवसा :
पत्रिका छापायला दिली. आज सकाळी मजकूर दाखवायला त्यांच्या घरी गेले होते. "यांनी या गावात २७ सालं केली. सालदार म्हणून त्यांचा शब्द गावात चालत असे," असं लिहिलं आहे. मुलाने दोनदा वाचलं आणि मान डोलावली.

मग मी काकूंना विचारलं, तुमच्यासाठी काय लिहू? उमरखेडच्या भावाचा मुद्दाही सांगितला. त्या म्हणाल्या, "साल त्यायचं होतं. मी रोजानं जात होती निंदाले, कापूस वेचाले. त्याचे पैसे भेटत होते मले." म्हणजे त्या रोजंदार होत्या, शब्द होता, मलाच माहीत नव्हता. मी तो लिहून घेत होते, तेवढ्यात त्यांनी विचारलं, "अन् तुमच्या घरचं शेण काढलं, सडा टाकला, त्याले काय म्हन्ता?"

माझ्याकडे उत्तर नव्हतं. पत्रिकेत त्यांच्या नावापुढे 'रोजंदार' छापून येईल. त्या कामाला तुमच्याकडे काही शब्द असेल तर कळवा.