जॉन अब्राहमच्या वाटेनं आपल्याकडे सिनेमा होईल का?

खानापूरकर: हिंदीतला नट नव्हे, केरळचा दिग्दर्शक (1937–1987). एलआयसीची नोकरी सोडून पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये गेला, ऋत्विक घटकांकडे शिकला, आयुष्यात चारच कथापट केले. शेवटच्या ‘अम्मा अरियन’साठी (1986) निर्माता शोधला नाही. ओडेसा नावाचा गट काढून गावोगाव सिनेमे दाखवले आणि लोकांकडून पैसे गोळा केले. परवा ‘अम्मा अरियन’ बघताना आमच्या जत्रेतलं नाटक आठवलं. आजोबांच्या वर्गणीच्या वहीत कुणाच्या नावापुढे दोन रुपये, कुणापुढे पायलीभर भात. पडद्यापासून पेट्रोमॅक्सपर्यंत सगळं त्यातून. मग सीमाभागातल्या पोरांनी सिनेमासाठी पुण्या-मुंबईकडे का बघत बसायचं?

टिळकवाडीची: नाटकाला लोक देतात कारण त्यांचाच पोरगा राजा होतो. ‘अम्मा अरियन’ मला दोनदा मागे नेऊन बघावा लागला. मेलेल्या तरुणाच्या आईला कळवायला मित्र वायनाडहून कोचीला निघतात, इथपर्यंत पोटात कालवतं. मग संप, मोर्चे, पत्रं यांत धागा सुटतो. ज्यानं दोन रुपये दिले त्याच्या हाती काय लागलं? आणि जॉनच्या दारूचं, फकिरीचं कौतुक पुरे झालं. पन्नाशीच्या आत इमारतीवरून पडून गेला. ते थोरपण नव्हे, नुकसान आहे.

निपाणीकर: दारूबद्दल पटलं. पण धागा सुटतो म्हणून वाट चुकली असं नाही. ‘अग्रहारत्तिल कळुदै’ (1977) बघा. प्राध्यापक गाढवाचं पोरकं पिल्लू ब्राह्मणवस्तीत आणतो. मुक्या मोलकरणीचं मेलेलं मूल देवळाबाहेर सापडतं, दोष गाढवावर. वस्तीतले त्याला मारून टाकतात आणि मग त्याचीच पूजा! राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, तरी विरोध झाल्यावर दूरदर्शननं दाखवायचं रद्द केलं. आमच्या गल्लीत असंच एका बाईवर ढकललेलं मी लहानपणी पाहिलंय. बघताना तिचंच तोंड समोर येत होतं.

टिळकवाडीची: मग सांगा, तुमच्या गावातले वर्गणीदार असला प्रसंग ठेवू देतील? एक निर्माता परवडला. इथे दोनशे जण म्हणतील, ‘हे काढ.’

खानापूरकर: दोनशे जण एकाच प्रसंगावर अडून बसणार नाहीत. शेठ मात्र एकटाच बसतो.

शहापूर गल्ली: आपल्याकडे त्याच्याही आधीचा प्रश्न येणार: मराठीत की कन्नडमध्ये? वही घेऊन दारात गेलात की हाच. माझं मत, दोन्हींत. वडापच्या जीपमध्ये आपण एका वाक्यात दोन्ही बोलतो, पडद्यावर का लाजायचं? जॉन मल्याळी, पण सगळ्यात वादग्रस्त सिनेमा तमिळमध्ये केला.

टिळकवाडीची: भाषेचं मान्य. वर्गणीचं अजून नाही. आधी पटकथा दाखवा, मग माझं नाव वहीत घाला.