पाझरणे आणि झिरपणे यात नेमका फरक काय? आणि 'पाझर' मधला झ आला कुठून?

नमस्कार मंडळी, जाणकारांची मदत हवी आहे.

आमच्याकडे मामा लोक विहिरीबद्दल बोलताना झिरपते असं चुकूनही म्हणत नाहीत. पाऊस जमिनीत झिरपतो, विहीर पाझरते. म्हणजे मला वाटायचं की आत मुरतं ते झिरपणं आणि दगडातून, मुरमातून बाहेर येतं ते पाझरणं, सोपं आहे. दगडाला पाझर फुटतो म्हणतो तेही बाहेरच येणं झालं. पण मग पाझर तलावाचं काय? बाहत्तरच्या दुष्काळात रोजगार हमीवर जे एवढे पाझर तलाव झाले त्यांच्यात तर पाणी अडवून खाली मुरवायचं असतं, मग त्याला झिरप तलाव का नाही म्हटलं? की खालच्या अंगाच्या विहिरी पाझरायला लागतात म्हणून ते नाव? तुमच्या भागात हे दोन शब्द कसे वापरतात ते गावाच्या, तालुक्याच्या उल्लेखासकट लिहा प्लीज.

आता 'पाझर' ची व्युत्पत्ती. संस्कृत प्र + क्षर्, म्हणजे वाहणे, गळणे. 'अक्षर' मधला क्षर तोच, जे झरत नाही, नष्ट होत नाही ते अक्षर, हे वाचलं तेव्हा मला फार भारी वाटलं होतं. बाराव्या शतकातल्या हेमचंद्राने प्राकृत व्याकरणात क्षर् च्या जागी येणारे धातू दिलेत त्यात झर आणि पज्झर दोन्ही आहेत. पज्झर चं पाझर होणं समजतं, कम्म चं काम झालं तसंच, जोडाक्षर गेलं आणि आधीचा स्वर लांबला.

अडतंय ते क्ष पाशी. मराठीत क्ष चा एक तर ख होतो, क्षार खार, लक्ष लाख, नाहीतर श होतो, क्षेत्र शेत, मक्षिका माशी. मग इथेच झ कसा? झिजणे सुद्धा क्षि वरून आलंय म्हणे (क्षीयते, झिज्जइ), म्हणजे हा एकटा शब्द नाही. संस्कृतच्या जवळच्या नात्यातल्या अवेस्ता या जुन्या इराणी भाषेत वाहण्यासाठी घ्झर् असा धातू आहे, त्यात घोष उच्चार (ग, ज, झ सारखा, ज्यात गळा कंप पावतो) स्पष्ट दिसतो, त्यामुळे मला असं वाटतंय की हा झ मुळात संस्कृतच्या क्ष पेक्षाही जुना असावा आणि बोलीभाषांनी तो टिकवला, संस्कृतने नाही. हे बरोबर आहे का? की झरझर, झुळझुळ सारखा नुसता आवाजावरून बनलेला शब्द आणि क्षर् शी नंतर जोडला गेला?

पालीत पग्घरति म्हणजे पाझरणे, तिथे तर चक्क घ आहे! आपलं पाघळणे त्याच घरातलं का? आणि झिरपणे कुठून आलं, त्यातल्या 'प' चा काही पत्ता लागतो का? ज्यांनी प्राकृत शिकलंय त्यांनी कृपया सविस्तर लिहा, लांब झालं तरी चालेल.